भरलेली ओटी दिसते, रिकामी झालेली दिसत नाही

दत्तक या विषयावरचे माहितीपट आता वाहिन्यांवर आणि मोबाईलवर वरचेवर दिसू लागले आहेत. बहुतेकांची मांडणी ठरलेली असते. अंधेरी-बोरिवलीकडचे शिकले-सवरलेले जोडपे, बरीच वर्षे मूल नाही, दवाखान्यांच्या पायऱ्या झिजवून झाल्या, मग संगणकावर नोंदणी, तीन-साडेतीन वर्षांची वाट, एके दिवशी संस्थेचा फोन आणि शेवटी बाळाला मांडीवर घेऊन गाडीतून घरी येणे. दारात रांगोळी, औक्षण, आजीच्या डोळ्यांत पाणी. हे सारे खरे असते आणि त्या आनंदाला आम्ही नावे ठेवत नाही. परक्याचे लेकरू आपले म्हणून वाढवणाऱ्या माणसाबद्दल आमच्या मनात आदरच आहे. परंतु असा प्रत्येक माहितीपट संपला की एक प्रश्न शिल्लक राहतो. या बाळाला जन्म देणारी बाई कुठे आहे?

आपल्या भाषेत मूल दत्तक देण्याला ओटीत घालणे म्हणतात. म्हणजे घालणारी आणि घेणारी अशा दोघी त्या शब्दातच आहेत. माहितीपटात मात्र एकच ओटी दिसते, भरलेली. जी रिकामी झाली तिच्याकडे कॅमेरा वळत नाही. फार तर निवेदक सांगतो की आईने परिस्थितीमुळे बाळाला संस्थेत सोडले. ही 'परिस्थिती' म्हणजे काय, ती कोणी आणली, ती दोन-चार हजार रुपयांनी टळली असती का, हे विचारण्याची गरज कोणाला वाटत नाही.

शासकीय आकडेही तेच करतात. २०२४-२५ या वर्षात देशात ४,५१५ मुले दत्तक गेली आणि हा बारा वर्षांतील सर्वात मोठा आकडा असल्याचे सांगितले गेले. नोंदणी करून वाट पाहणारे पालक तीस हजारांहून अधिक आहेत. मुलगे किती, मुली किती, कोणत्या राज्यात किती हे सगळे या आकडेवारीत असते. देणारी कोण होती, ती काय काम करीत होती, कोणत्या जातीची होती, तिने मूल का दिले याचा रकाना नसतो. आणि मग वर्तमानपत्रांत मथळा येतो की दत्तक देण्यासाठी मुलांचा तुटवडा आहे. तुटवडा रॉकेलचा असतो, साखरेचा असतो. मुलांचा तुटवडा हा शब्द ज्याने पहिल्यांदा वापरला त्याने घेणाऱ्याच्या दारात उभे राहून जगाकडे पाहिले. आईपासून तुटणारी लेकरे कमी झाली असतील तर ती समाधानाची गोष्ट मानायला हवी. ती तशी कोणी मांडत नाही.

आम्ही महात्मा फुल्यांचे अनुयायी म्हणवतो, म्हणून या विषयाची सुरुवात आम्हाला पुण्यातून करावी लागते. १८६३ साली जोतीराव आणि सावित्रीबाईंनी बालहत्या प्रतिबंधक गृह काढले. फसवल्या गेलेल्या विधवांनी तिथे यावे, गुप्तपणे आणि सुरक्षितपणे बाळंत व्हावे आणि मूल सोबत न्यायचे की ठेवून जायचे हे स्वतः ठरवावे, असे त्यांनी भिंतीवर जाहीरपणे लावले. बाळाची काळजी ही पुढची गोष्ट होती, आधी आईची मर्जी विचारली गेली. तिथे आलेल्या काशीबाई नावाच्या ब्राह्मण विधवेचा मुलगा फुले दांपत्याने १८७४ साली दत्तक घेतला, तोच यशवंत. माळ्याच्या घरात ब्राह्मण विधवेचा मुलगा वारस झाला. १८८७ च्या मृत्युपत्रात जोतीरावांनी त्याचा हक्क लिहून ठेवला. १८९० मध्ये जोतीराव गेले तेव्हा भाऊबंदांनी दत्तकपुत्राला विरोध केला आणि सावित्रीबाईंनी स्वतः टिटवे हातात धरले, हा इतिहास आमच्या वाचकांना पाठ आहे. त्यातली एक बाब मात्र आपण सहसा बोलत नाही. दीडशे वर्षांनंतरही त्या मुलाच्या जन्मदात्रीचे नाव आपल्याला माहीत आहे. ते पुसले गेले नाही.

हिंदू धर्मशास्त्रात दत्तकाचा हेतू मुलाला घर मिळावे हा नव्हताच. बापाला पिंड मिळावा आणि मालमत्तेला वारस मिळावा म्हणून दत्तक. म्हणून मुलगाच हवा आणि तोही आपल्याच जातीचा हवा. मुलगी दत्तक घेण्याची कल्पनाही त्या शास्त्राला मानवणारी नव्हती. बाबासाहेबांनी हिंदू कोड बिल मांडले तेव्हा दत्तकासाठी पत्नीची संमती आवश्यक करण्याची तरतूद त्यात होती. आज ती किरकोळ वाटेल, पण घरातल्या बाईला न विचारता तिच्या मांडीवर मूल आणून ठेवण्याच्या रूढीला तो पहिला कायदेशीर अडसर होता. ते बिल सनातन्यांनी रोखले. सप्टेंबर १९५१ मध्ये बाबासाहेबांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला, त्यामागच्या कारणांत हे बिल होते. पुढे तुकड्यातुकड्याने जे कायदे झाले त्यांतला एक म्हणजे १९५६ चा हिंदू दत्तक व निर्वाह कायदा. त्याने मुलगी दत्तक घेण्याचा मार्ग मोकळा केला आणि जातीची अट ठेवली नाही. तरीही नवरा हयात असलेल्या बाईला स्वतःच्या नावे दत्तक घेता येत नव्हते. तो अधिकार मिळायला २०१० ची दुरुस्ती यावी लागली.

हा कायदा बौद्धांनाही लागू आहे. स्वतंत्र बौद्ध कायद्याची मागणी हा वेगळा विषय आहे, त्यावर आम्ही इथे लिहीत नाही. पण आमच्या अनेक कुटुंबांचा असा समज आहे की दत्तक म्हणजे भटजी आणि होम, आणि बावीस प्रतिज्ञा घेतलेल्या माणसाला ते जमणार नाही. हा समज चुकीचा आहे. दत्तहोम आवश्यक नाही असे या कायद्याच्या अकराव्या कलमातच लिहिलेले आहे. देणाऱ्याने प्रत्यक्ष द्यावे आणि घेणाऱ्याने प्रत्यक्ष घ्यावे, एवढे पुरते. विहारात त्रिसरण-पंचशील घेऊन चार लोकांसमक्ष मूल मांडीवर दिले तरी देणे-घेणे पूर्ण होते. फक्त त्याचा दस्त नोंदला गेला पाहिजे.

आणि इथेच आमच्या वस्त्यांची खरी अडचण सुरू होते. घाटकोपरच्या रमाबाई नगरात, मुलुंड-भांडुपच्या डोंगरउतारावर, अंधेरीच्या मरोळ-साकीनाक्याकडे, मालाड-मालवणीत दत्तक ही नवी गोष्ट नाही. ती पिढ्यान्पिढ्या चालत आली आहे. बहीण बाळंतपणात गेली म्हणून मावशीने लेकरू उचलले. भावाने दारूपायी संसार उधळला म्हणून आत्याने भाचीला आणले. शेजारीण आजारपणात गेली, तिचे कोणी फिरकले नाही, म्हणून शेजारच्या घरात ते पोर जेवू लागले आणि तिथलेच झाले. स्वतः बाबासाहेबांची आई भीमाबाई त्यांच्या लहानपणीच गेली आणि त्यांना वाढवले ते मीराआत्याने. आमच्या समाजात अनाथ हा शब्द फार वापरावा लागला नाही तो अशा बायकांमुळे. त्यांना कोणी दत्तक माता म्हटले नाही, कोणी त्यांच्यावर माहितीपट काढला नाही, आणि त्यांनी स्वतःही कधी कागद केला नाही.

कागद नसल्याची किंमत पोराला मोजावी लागते. आमच्याकडे अशी प्रकरणे दरवर्षी जूनच्या सुमारास येतात, कारण तेव्हा प्रवेश सुरू होतात. जन्माच्या दाखल्यावर जन्मदात्यांची नावे, शाळेच्या दाखल्यावर सांभाळणाऱ्यांची, रेशनकार्डावर तिसऱ्याच काकाची. अनुसूचित जातीच्या दाखल्यासाठी १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा लागतो, पडताळणी समितीसमोर रक्ताच्या नात्यातल्या माणसाचे वैधता प्रमाणपत्र उपयोगी पडते, आणि हे पोर कोणाच्या रक्ताचे हा प्रश्न बारावीच्या वर्षी पहिल्यांदा त्याच्या तोंडावर विचारला जातो. तोवर अनेकांना आपण पोसलेले आहोत हेही माहीत नसते. कार्यालयाच्या बाकावर बसून एखाद्या सतरा वर्षांच्या मुलाला हे कळताना आम्ही पाहिले आहे. मग घाईघाईने कोणीतरी सांगतो की शंभराच्या, आता पाचशेच्या, स्टॅम्पपेपरवर नोटरी करून घ्या. त्या कागदाला दत्तकपत्र म्हणून फारशी किंमत नाही. १९५६ च्या कायद्यानुसार मूल पंधरा वर्षांच्या आत असावे लागते, तशी रूढी सिद्ध झाली तरच अपवाद. म्हणजे गरज कळते तेव्हा मुदत उलटून गेलेली असते. शिवाय दाखल्यासाठी ऐनवेळी केलेल्या दत्तकाकडे समिती संशयानेच पाहते. आरक्षणासाठी केलेली सोयीची दत्तके न्यायालयांनी यापूर्वीच अमान्य ठरवण्याची दिशा दिली आहे आणि ती योग्यच आहे. पण त्या संशयाचा वरवंटा आमच्या खऱ्याखुऱ्या लेकरावर फिरतो.

म्हणून सांगतो, पोर दोन वर्षांचे असतानाच दुय्यम निबंधकाकडे जा. नोंदलेला आणि दोन्ही बाजूंच्या सह्यांचा दस्त असेल तर दत्तक कायद्याप्रमाणे झाले असे न्यायालय गृहीत धरते, उलट सिद्ध करण्याची जबाबदारी आक्षेप घेणाऱ्यावर जाते. घेणाऱ्याला मुलगा असेल तर मुलगा आणि मुलगी असेल तर मुलगी या कायद्याखाली दत्तक घेता येत नाही, हेही लक्षात ठेवावे. अशा वेळी २०१५ च्या बाल न्याय कायद्याखाली नातेवाइकांच्या दत्तकाची वेगळी वाट आहे. त्यात काका, मामा, आत्या, मावशी, आजी-आजोबा येतात. शेजारीण येत नाही. शेजारणीने माणुसकीने उचललेले पोर बाल कल्याण समितीला कळवले नाही तर ती कायद्याच्या कचाट्यात सापडू शकते. अर्भकविक्रीच्या टोळ्या मुंबई पोलिसांनी गेल्या काही वर्षांत पकडल्या आहेत, त्यामुळे कायदा कडक असण्याला आमचा विरोध नाही. पण विकणारा दलाल आणि घास भरवणारी शेजारीण या दोघांत फरक करण्याची नजर चौकीत बसलेल्या माणसाकडे हवी.

आता पुन्हा माहितीपटांकडे येऊ. सगळेच एका साच्यातले असतात असे आम्ही म्हणत नाही. देवनारच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत अध्यापन केलेल्या अंजली माँटेरो आणि के. पी. जयशंकर यांनी २००७ साली 'आवर फॅमिली' हा माहितीपट केला. तमिळनाडूतल्या तीन तृतीयपंथी स्त्रिया, तीन पिढ्या, एकमेकींना आई आणि लेक मानून उभे केलेले घर. रक्ताचा संबंध नाही, कायद्याचा नाही, तरी कुटुंब आहे. दत्तक म्हणजे मूल नसलेल्या जोडप्याची सोय, या समजुतीला हा माहितीपट सरळ छेद देतो. आमच्या उपनगरात मालाडच्या मालवणीत काम करणाऱ्या गौरी सावंत यांनी आई गमावलेल्या मुलीला लेक म्हणून वाढवले. त्यांच्यावर २०१७ मध्ये नीरज घायवान यांनी व्हिक्स कंपनीसाठी छोटी फिल्म केली आणि ती घराघरात पोहोचली. बाम विकण्यासाठी केलेली ती जाहिरात होती हे खरे, पण स्वतःची दलित ओळख न लपवणाऱ्या दिग्दर्शकाच्या हातून ती झाली याचा फरक तिच्यात दिसतो. २०२३ मध्ये 'ताली' ही मालिका आली, तिच्यात गौरी सावंत यांची भूमिका सुष्मिता सेन यांनी केली. लग्न न करता मुली दत्तक घेऊन वाढवलेली ही अभिनेत्री. एकीच्या मातृत्वाला कायद्याने कागद दिला. दुसरीला आपल्या मातृत्वाच्या हक्कासाठी सर्वोच्च न्यायालयाचे दार ठोठवावे लागले. आणि ऑक्टोबर २०२३ मध्ये समलिंगी विवाहाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तीन विरुद्ध दोन मतांनी, लग्न न झालेल्या जोडप्याला एकत्रितपणे दत्तक न देण्याचा नियम कायम ठेवला. म्हणजे 'आवर फॅमिली'तले घर पडद्यावर कुटुंब आहे, शासनाच्या दप्तरात नाही.

निष्ठा जैन यांचा 'लक्ष्मी अँड मी' हाही २००७ चाच. मुंबईत आपल्याच घरी धुणीभांडी करणाऱ्या तरुण मुलीवर दिग्दर्शिकेने कॅमेरा धरला. तिची घरोघरची कामे, जातीबाहेरचे प्रेम, गरोदरपण, आजारपण असे सारे त्यात येते. आम्हाला त्यात महत्त्वाचे वाटले ते हे की मालकीण स्वतःलाही चौकटीत आणते. कोण कोणाचे चित्रण करतो आहे हे लपवत नाही. दत्तकावरच्या माहितीपटांत हा प्रामाणिकपणा आला तर बरेच काही बदलेल.

सरोगसीचे उदाहरण तर डोळ्यांसमोरचे आहे. रिबेका हायमोविट्झ आणि वैशाली सिन्हा यांच्या 'मेड इन इंडिया' (२०१०) मध्ये अमेरिकेतले मूल नसलेले जोडपे आणि त्यांच्यासाठी गर्भ वाढवणारी मुंबईतली गरीब बाई अशा दोन्ही बाजू आहेत. मराठीत त्याच सुमारास वकील असलेल्या समृद्धी पोरे यांनी 'मला आई व्हायचंय' हा चित्रपट काढला, त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. कथा कल्पित, पण प्रश्न तोच. या चित्रणांनी एक गोष्ट साधली. पैसे देणारा आणि पोट देणारी यांच्यातला करार कसा असतो याची चर्चा सुरू झाली. पुढे २०२१ चा कायदा आला, २५ जानेवारी २०२२ पासून लागू झाला आणि पैशाच्या बदल्यातली सरोगसी बंद झाली. त्या कायद्यात दोष आहेत. तरी गर्भ वाढवणारी बाई कोण आहे हा प्रश्न निदान संसदेत विचारला गेला. मूल देऊन टाकणारी बाई कोण आहे हा प्रश्न अजून तिथवर गेलेला नाही.

आनंद पटवर्धनांचा 'जय भीम कॉम्रेड' (२०११) आमच्या वस्त्यांनी पडदे लावून पाहिला. ११ जुलै १९९७ चा रमाबाई नगरचा गोळीबार, त्यानंतर मुलुंडमध्ये आपला जीव देणारे शाहीर विलास घोगरे आणि चौदा वर्षांचे चित्रीकरण. माहितीपट म्हणजे काय हे आमच्या लोकांना त्याने शिकवले. त्याच पटवर्धनांनी २०२३ मध्ये 'द वर्ल्ड इज फॅमिली' हा स्वतःच्या आईवडिलांवरचा माहितीपट काढला. जिव्हाळ्याने केलेले काम आहे. तो पाहताना एक विचार मात्र मनातून जात नाही. कुटुंबावर माहितीपट काढायचा तर फोटो लागतात, पत्रे लागतात, कोणीतरी जपून ठेवलेले काहीतरी लागते. ज्या घरात अल्बम आहे त्याच घराचा इतिहास होतो. झोपडी दोनदा तुटली, पुरात एकदा वाहून गेली, त्या घरात काय असणार? आणि दत्तक गेलेल्या मुलाच्या आईचा तर सगळा दस्तऐवज म्हणजे संस्थेच्या कपाटातली एक फाईल. तिच्यात एक समर्पणपत्र, त्यावर सही किंवा अंगठा, तारीख.

ती फाईलही खरी असेलच असे नाही. कोरियातून १९६६ साली अमेरिकेत दत्तक गेलेल्या डीअन बोर्शे लीम यांनी स्वतःवरच माहितीपट काढले. २००० सालचा 'फर्स्ट पर्सन प्लुरल' आणि २०१० चा 'इन द मॅटर ऑफ चा जुंग ही'. अनाथालयाने त्यांना दुसऱ्याच मुलीच्या नावाने आणि कागदांवर पाठवून दिले होते. त्यांची आई कोरियात जिवंत होती. २०२५ मध्ये कोरियाच्या सत्यशोधन आयोगाने परदेशी दत्तकात मुलांचे हक्क डावलले गेल्याचे मान्य केले. हॉलंडने २०२१ मध्ये चौकशी अहवालानंतर परदेशी दत्तक थांबवले आणि २०२४ मध्ये नवी प्रकरणे न घेण्याचा निर्णय जाहीर केला. आपल्याशी थेट संबंध आहे तो स्वित्झर्लंडचा. झ्युरिक आणि थुर्गाऊ या तिथल्या दोन प्रांतांनी १९७३ ते २००२ या काळात भारतातून नेलेल्या मुलांच्या फाईली तपासून घेतल्या. ते संशोधन २०२४ मध्ये पुस्तकरूपाने आले. जन्मदात्या आईच्या संमतीचे कागद त्या फाईलींत नाहीत, हा त्यातला गंभीर निष्कर्ष. पुस्तकाचे नावच 'आई अज्ञात' अशा अर्थाचे आहे.

मुंबईतूनही त्या काळात परदेशी मुले जात होती. दत्तकाचा कायदा परदेशी माणसाला लागू नव्हता, म्हणून इंग्रजांच्या १८९० च्या पालकत्व कायद्याखाली न्यायालयाकडून पालकत्व घेऊन मूल नेले जाई आणि दत्तकविधी तिकडे होई. लक्ष्मीकांत पांडे या वकिलांनी सर्वोच्च न्यायालयाला पत्र लिहिले आणि त्यावर ६ फेब्रुवारी १९८४ चा निकाल आला. आईवर दडपण नसावे, तिला विचार बदलण्याची संधी असावी, आधी देशातले पालक शोधावेत, ही तत्त्वे त्या निकालाने घालून दिली. एका वकिलाच्या एका पत्राने एवढे झाले.

ती तत्त्वे आता २०१५ च्या कायद्यात आहेत. आईने बाल कल्याण समितीपुढे मूल समर्पित केले की तिला फेरविचारासाठी साठ दिवस मिळतात. साठाव्या दिवसानंतर मार्ग बंद. कायदा म्हणून हे बरे दिसते. पण ज्या बाईला नवऱ्याने टाकले आहे, जी नाक्यावर काम शोधते, जिचे भाडे थकले आहे, तिच्या आयुष्यात साठ दिवसांत काय बदलणार? विचार बदलायला आधी परिस्थिती बदलावी लागते. दत्तक माहितीपटवाल्यांनी हे साठ दिवस कधी दाखवले आहेत का? आम्हाला तोच माहितीपट पाहायचा आहे.

कोणी म्हणेल, त्या आईलाच तोंड लपवायचे असते, तिला पडद्यावर कसे आणणार? हा आक्षेप खरा आहे आणि आम्ही तो गंभीरपणे घेतो. कुमारी माता, अत्याचारातून आई झालेली मुलगी, यांना गुप्ततेचा हक्क आहे. फुल्यांनी तो १८६३ सालीच मान्य केला होता. २०२२ च्या दत्तक नियमावलीतही मोठे झालेले मूल आपले मूळ शोधू लागले तर जन्मदात्यांच्या नकाराचा मान राखला जातो. तिचा चेहरा नको, नाव नको. पण ती ज्या चाळीत राहत होती ती चाळ, ज्या बाकड्यावर बसून तिने अंगठा दिला ते बाकडे, तिची मजुरी किती होती, तिने मदतीसाठी कोणाची दारे ठोठावली, हे सारे चेहरा न दाखवता दाखवता येते. गुप्तता तिच्या रक्षणासाठी आहे, तिला नसल्यात जमा करण्यासाठी नाही.

आमच्या तरुणांकडे आता कॅमेरा आहे. जयंतीची मिरवणूक, भीमगीतांचा कार्यक्रम, सभांची भाषणे हे सगळे ते उत्तम चित्रित करतात. त्यांनी आपल्या वस्तीतल्या मावश्या-आत्यांकडे, पोसलेल्या लेकरांच्या घरांकडेही वळावे. मात्र वकील म्हणून बजावतो, काळजी व संरक्षणाची गरज असलेल्या मुलाचे नाव, शाळा, पत्ता, फोटो यांपैकी काहीही ओळख पटेल असे दाखवणे बाल न्याय कायद्याच्या ७४ व्या कलमाने गुन्हा आहे. सहा महिन्यांपर्यंत कैद, दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. कोपऱ्यात गणवेश दिसला आणि त्यावर शाळेचे नाव असले तरी पुरते. आणि बाईची संमती घेताना तिला पुन्हा विचार करायला वेळ द्या. निदान साठ दिवस तरी.

शेवटी राहतो तो पैशाचा प्रश्न, आणि तो आम्ही मुद्दाम मागे ठेवला नाही. एक किंवा दोन्ही पालक गमावलेल्या, संकटातल्या कुटुंबातल्या मुलाला घरातच वाढवता यावे म्हणून महाराष्ट्र शासनाची बाल संगोपन योजना आहे. तिला आता क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले यांचे नाव आहे आणि २०२३ पासून तिचे अनुदान महिना २,२५० रुपये झाले. केंद्राच्या मिशन वात्सल्यमध्ये प्रायोजकत्वाची रक्कम महिना ४,००० रुपये आहे. रक्कम तुटपुंजी आहे. पण मूल द्यावे की ठेवावे या विवंचनेतल्या बाईला ती ऐन वेळी मिळाली तर फरक पडतो. बहुतेकींना हिची माहितीच नसते. समर्पणपत्र लिहून घेण्यापूर्वी या दोन्ही योजनांचा अर्ज त्या बाईसमोर ठेवला गेला, तिला वाचून दाखवला गेला आणि तिने काय उत्तर दिले, याची लेखी नोंद फाईलमध्ये असली पाहिजे, अशी आमची मागणी आहे. सप्टेंबर २०२२ पासून दत्तकाचे आदेश न्यायालयाऐवजी जिल्हाधिकारी देतात. मुंबई उपनगरचे जिल्हाधिकारी कार्यालय वांद्रे पूर्वेला आहे. आदेशावर सही होण्यापूर्वी ती नोंद फाईलमध्ये आहे की नाही एवढे तपासायला कोणत्याही नव्या कायद्याची गरज नाही. तोवर आमच्या विहारांतल्या महिला मंडळांनी दर रविवारच्या वंदनेनंतर बाल संगोपनाचे अर्ज भरून द्यायला बसावे. मुलाचा जन्मदाखला, आधार, रेशनकार्ड, शाळेचे प्रमाणपत्र, पालक गेलेले असतील तर मृत्यूचा दाखला, उत्पन्नाचा दाखला आणि बँकेचे पासबुक एवढे सोबत आणायला सांगावे.